धाकटीचं विसर्जन

महालक्ष्म्या आठ दिवसांवर आल्या होत्या आणि माझ्या हातून धाकटीचा मुखवटा फुटला. साल बहुतेक सदुसष्ट, घर नागपूरला महाल भागात, आणि मी दहा वर्षांची धांदरट पोरगी... माळ्यावरून डबा काढायला मला कुणी सांगितलंच नव्हतं.

आईने आधी मला एक ठेवून दिली आणि मग स्वतःच रडत बसली. ज्येष्ठा-कनिष्ठा जोडीने येतात. एकटी थोरली बसवायची कशी?

चितारओळीत सगळे कारागीर गणपतींच्या घाईत. कुणी आमच्याकडे मान वर करून पाहीना. शेवटी एका कारखान्याच्या मागच्या पडवीत गणपतींना रंग देणारे निताईदादा तयार झाले.

ते पूर्व बंगालमधून आलेले निर्वासित. तिकडे म्हणे दुर्गेच्या मोठमोठ्या मूर्ती करायचे, इकडे दुसऱ्यांच्या मूर्तींना रंग द्यायचे. बोलायचे मोडकं हिंदी, तेही अगदी कमी.

आईने त्यांना थोरलीचा मुखवटा दाखवला. म्हणाली, "अशीच पाहिजे दादा, जोडीला शोभली पाहिजे. तीन दिवस बसते आमच्याकडे, तिसऱ्या दिवशी विसर्जन."

"विसर्जन?" त्यांनी विचारलं. आई म्हणाली, "हो, विसर्जन." त्यांनी पुन्हा एकदा विचारलं आणि आईने पुन्हा तेच सांगितलं... मला वाटलं, कानाने कमी ऐकू येत असेल.

महालक्ष्म्या यायच्या आदल्या दिवशी ते मुखवटा घेऊन आले. कापड बाजूला केलं आणि आई बघतच राहिली. थोरलीशी काही म्हणजे काही मॅच होत नव्हतं. गोल गाल, हनुवटीवर बारीकशी खळी, आणि डोळे असे की आत्ता काहीतरी मागेल.

"माय वं! हे तं पोरगीच दिसून राहिली!" आई म्हणाली. पण आता दुसरा मुखवटा आणणार कुठून? शिवाय माती कच्ची होती, भाजलेलीच नव्हती. आईने कपाळावर हात मारला आणि तीच बसवली.

खरं सांगू? मला ती फार आवडली. भरजरी साडी, एवढीशी नथ... मोठ्या बायकांच्या पंगतीत एखादी लहान मुलगी बसवल्यासारखी दिसत होती. दुसऱ्या दिवशी पुरण, आंबील, सोळा भाज्यांचा नैवेद्य झाला. निताईदादाही येऊन गेले. जेवले नाहीत, दारातून तिच्याकडे बघत उभे राहिले.

तिसऱ्या दिवशी दुपारी ते पुन्हा आले. धुतलेलं धोतर, हातात झेंडूची माळ. आईने तेवढ्यात अक्षता टाकून महालक्ष्म्या हलवल्या होत्या आणि मुखवटे जुन्या पातळात गुंडाळून डब्यात ठेवत होती.

"कौन सा नदी, दीदी?" त्यांनी विचारलं.

आईला कळेना. "नदी कायले? आमच्याकडे अक्षता टाकल्या का झालं विसर्जन. मुखवटे डब्यात ठेवतो आम्ही, पुढच्या वर्षासाठी."

त्यांना ते कळायला वेळ लागला. मग ते ओट्यावर बसले आणि म्हणाले, "ये हमारा खुकू है, दीदी."

त्यांची सहा वर्षांची मुलगी. सीमेपलीकडून जिवंत आली आणि रायपूरकडच्या छावणीत भर उन्हाळ्यात तापाने गेली. मुरमाड जमिनीत खड्डा करून तिला पुरलं. ज्यांच्या अंगणाला नदी लागायची, त्यांच्या मुलीला घोटभर नदी मिळाली नाही. ते एवढंच म्हणाले, "उधर पानी नहीं था."

आईच्या तोंडून विसर्जन ऐकलं आणि त्यांना वाटलं, तीन दिवस ती नटेल, जेवेल, मग पाण्यात जाईल. म्हणून माती कच्ची ठेवली होती... लवकर विरघळावी म्हणून.

मी आईकडे पाहत होते. मला खात्री होती, ती डबा पुढे करेल.

"घरची लक्ष्मी पाण्यात नाही टाकता येत, दादा," आई म्हणाली. "मले नाही होणार."

त्यांनी वाद घातला नाही. डब्याला हात जोडले, माळ ओट्यावर ठेवली आणि गेले.

आई आठवडाभर धड जेवली नाही. मग एक दिवस डबा घेऊन, मला सोबत घेऊन चितारओळीत गेली. पडवी रिकामी होती. चांद्याकडे निर्वासितांना जमिनी मिळत होत्या, तिकडे गेला, असं कारखान्यातले म्हणाले. गावाचं नाव कुणाला माहीत नव्हतं.

पुढच्या वर्षी पितळी मुखवटे आले. तो डबा आईने पुन्हा उघडला नाही आणि टाकलाही नाही. मी आईला दोष देत नाही... खरं तर देते. मुखवटा माझ्या हातून फुटला नसता तर हे घडलंच नसतं, म्हणून स्वतःलाही देते.

गेल्या हिवाळ्यात आई गेली. डबा माझ्याकडे आला. कॉलनीतल्या बंगाली शेजारणीला सहज ही गोष्ट सांगितली, तर ती म्हणाली, "खुकू नाव नसतं हो. आमच्यात लहान मुलीला लाडाने खुकूच म्हणतात. आपण छकुली म्हणतो तसं."

या महालक्ष्म्यांना, तिसऱ्या दिवशी, मी तिला कन्हान नदीवर नेलं. पाण्यात धरल्यावर माती हातातच मऊ होत गेली. निरोप देताना नावाने हाक मारावी म्हणून तोंड उघडलं...

आणि लक्षात आलं, तीन दिवस तिची पूजा केली, पन्नासच्या वर वर्षं तिला डब्यात ठेवली, पण तिचं नाव काय होतं हे आमच्यापैकी कुणी विचारलंच नाही.