सहा ते सातचा कोरा पडदा

माझी भावजय एनिड कधी कुणाला चढ्या आवाजात बोलली नाही, आणि तिने आयुष्यात चोरी केली ती एकच. ती मी पकडली. या गोष्टीत माझं कौतुक करण्यासारखं काही नाही, हे आधीच सांगून टाकते.

सन सत्तावन्न. तोवर टीव्हीला संध्याकाळी सहा वाजता कुलूप लागायचं. पाचला पोरांचे कार्यक्रम, मग ती गोड आवाजाची बाई पोरांचा निरोप घ्यायची, आणि सातपर्यंत पडदा कोरा. आयांना पोरांची हात-तोंडं धुऊन त्यांना झोपवता यावं म्हणून तसा सरकारी नियमच होता. आमच्या घरात पोरं नव्हती, पण नियम तो नियम. आई बटण बंद करायची, टीव्हीच्या पाठीवर हात ठेवून बघायची आणि म्हणायची, "तापलंय बिचारं. घेऊ दे जरा विसावा." यंत्राला दम खाता यावा म्हणूनच तो तास ठेवलाय, अशी तिची ठाम समजूत. कितीदा सांगितलं, पण आमच्या आईला काही पटवणं म्हणजे भिंतीवर डोकं आपटणं.

एनिड टॉफीच्या कारखान्यात कामाला होती. सहाच्या ठोक्याला घरी आली की तिच्याबरोबर जळक्या साखरेचा वास आत यायचा. लहानखुरी, फिकट, चालताना पाय जमिनीला लागतात की नाही असं वाटावं अशी. माझा भाऊ विल्फ गालिच्यांच्या गिरणीत रात्रपाळीला बॉयलरवर. तो सातला निघायचा. सकाळी तो परत येईपर्यंत ही कामावर गेलेली असायची. रविवारी चर्च आणि आईचे पाहुणे. सांगा बघू, नवरा-बायकोने बोलायचं कधी? तर सहा ते सात. आई तेवढ्यात शेजारच्या सटक्लिफबाईंकडे चहाड्या करायला जायची, मी मोरीत भांडी घासायचे, आणि ती दोघं त्या कोऱ्या काचेसमोर कोचावर बसायची.

दार अर्धं उघडं असायचं. ऐकू नये कळायचं हो, पण कान का झाकून घेता येतात? शेकोटीच्या उजेडात त्या करड्या काचेत दोघं दिसायची, बोटाएवढी, कुठेतरी खोल पाण्यात बसल्यासारखी. एनिड टीव्हीवरच्या बाईचा आवाज काढायची.

"नमस्कार मंडळी. आज आपण आलो आहोत फाइली गावच्या समुद्रकिनारी. समोर निळ्या दाराचं घर दिसतंय ना, ते श्री. विल्फ्रेड बॅराक्लफ यांचं."

"दार हिरवं," विल्फ म्हणायचा.

"बरं, हिरवं. आणि बाग?"

"बाग नको. कोण खणत बसणार? समुद्र आहे की."

"खिडकीत कोण बसलंय?"

"तू. पाय वर घेऊन."

"आणि तू कुठेयस?"

"मी झोपलोय. रात्री झोपलोय, एनिड. सगळं जग झोपतं तेव्हा."

कोळसा खाली सरकायचा, बाहेर धुक्यात कुणाची तरी पावलं चढावर जायची. ते घर मलासुद्धा दिसायला लागलं होतं. भरती आली की त्याच्या पायऱ्या भिजायच्या. माझ्या हातातलं पाणी गार होऊन जायचं आणि मला भानच नसायचं. सातचे ठोके पडले की विल्फ थर्मास उचलायचा, ती त्याचा गळपट्टा नीट करायची, आणि तो अंधारात उतरायचा.

फेब्रुवारीत नियम गेला. पेपर मीच घरी आणला आणि मीच नाचले. पहिल्या सोमवारी सहा वाजले तरी पडदा चालूच. एनिड डोक्यावरची टोपीही न काढता दारात उभी राहिली.

"आज बंद नाही होणार?" तिने विचारलं.

"आता कधीच नाही," आई म्हणाली. "आली एकदाची अक्कल त्या लोकांना. सरक गं, समोर उभी राहू नकोस. तू काचेची आहेस का?"

विल्फ हसत होता, पडद्यावरच्या कुणालातरी. त्याला दोष देत नाही मी. दिवसभर झोप आणि रातभर आग, त्या माणसाला करमणूक कुठली? एनिड त्याच्या शेजारी बसली. सातला तो "येतो" म्हणाला. त्या आख्ख्या तासात एवढा एकच शब्द.

असे तीन आठवडे गेले. आणि मग बघा गंमत, आमचा टीव्ही आपोआप सहाला मरायला लागला. नुसती मुंग्यांची खसखस. आई वैतागून बटण बंद करायची आणि सटक्लिफबाईंकडे निघून जायची. सातनंतर लावला की चित्र लख्ख! दुरुस्तीवाला आला तो सकाळी, उलटसुलट करून म्हणाला, "याला काही झालेलं नाही, बाई."

"झालं कसं नाही? सवय झालीय त्याला!" आई म्हणाली. "चार वर्षं रोज सहाला विसावा घेतलाय त्याने. माझे गुडघे नाहीत का, कामावरून सुटून दहा वर्षं झाली तरी पाचला जाग आणतात! यंत्र झालं म्हणून काय झालं?"

तो बिचारा टोपी घालून गेला. आईने गल्लीभर सांगितलं, आणि गल्लीतल्या निम्म्या बायकांना ते पटलंसुद्धा. मोरीत मला पुन्हा समुद्र ऐकू यायला लागला. विल्फने हिरव्या दाराचा हट्ट सोडून निळं मान्य केलं.

एप्रिलमधल्या एका मंगळवारी मला एक गाणारा बघायचा होता. मी एकतीस वर्षांची, माझ्याशी फाइलीबद्दल बोलणारं कुणी नव्हतं. टीव्ही सहाला मेला, आई शेजारी जायला निघाली. माझ्या कोटातला रुमाल घ्यायला खिडकीजवळच्या खुंटीपाशी गेले, तर एनिडच्या कोटामागे छपरावरून येणारी टीव्हीच्या एरियलची तार, भिंतीतल्या खोचणीतून उपसून काढलेली. तीच रोज कोट टांगताना उपसायची आणि विल्फ गेल्यावर परत बसवायची. मुकाट्याने खोचता आली असती मला. तेवढी मी चांगली नव्हते.

"आई, ये इकडे! बघ तुझ्या टीव्हीची सवय!" मी कोट बाजूला ओढला. तार बसवली. गाणारा दात काढत पडद्यावर आला.

"अस्सं!" आई म्हणाली. "दिसायला गाय आणि करणी ही! माझ्या घरात राहून मलाच उल्लू बनवतेस? दुरुस्तीवाल्यासमोर माझी शोभा झाली!"

एनिडचा चेहरा लालबुंद झाला. विल्फने विचारलं, "का केलंस गं हे?"

"तुझ्याशी बोलायचं होतं," ती म्हणाली.

"मग बोल की. कुणी धरलंय तुला?" हे म्हणतानाही मेल्याचे डोळे पडद्यावर होते.

"कशी बोलू? तो बोलतोय ना मध्ये."

विल्फने मान वळवली. बायकोकडे बघत राहिला, इतका वेळ की मलाच खाली बघावंसं वाटलं. मग उठला, थर्मास उचलला, आणि तिचा कोट काढून तिच्यापुढे धरला.

"चल."

"कुठे?"

"गिरणीवर. चढ मोठा आहे. बोलत बोलत जाऊ."

"वेड लागलं का रे?" आई ओरडली. "सहा वाजून दहा मिनिटं झालीत! पाऊस पडतोय बाहेर!"

"पडू दे," विल्फ म्हणाला, आणि दार ओढून घेतलं.

त्या दिवसापासून ती दोघं सहालाच निघायची. तो तिला लांबच्या वाटेने न्यायचा, कालव्यावरून. फाटकापाशी त्याला सोडून ती एकटी परत यायची, बर्फ असो, धुकं असो, केस चिप्प भिजलेले आणि चेहरा असा की अजून ती घरी पोचलीच नाहीये, कुठल्या तरी किनाऱ्यावरच आहे. अकरा वर्षं, विल्फची छाती खराब होईपर्यंत. फाइलीला घर काही झालं नाही.

मी आईशेजारी कोचावर, उबेला, अगदी समोर. माझा तास मी भांडून मिळवला होता. त्यात काय पाहिलं म्हणाल, तर एक कार्यक्रम आठवत नाही. सहा वाजता ती दोघं गळपट्टे गुंडाळत बाहेर पडायची, आणि "आयव्ही, तूही येतेस का?" असं एनिड दर वेळी विचारायची. मी म्हणायचे, "नको, मला हे बघायचंय."