न मोडलेली ठेव

आमच्या नात्यात माझ्या मुलीबद्दल एक वाक्य गेली दहा-अकरा वर्षं फिरतं आहे. "स्थळं आली होती हो, पण ती फार चोखंदळ." कुणाच्या लग्नात हात धुवायला उभे असताना ते निघतं, कुणाला दवाखान्यात भेटायला गेलं तरी निघतं. मी ते ऐकतो आणि मान हलवतो. हे वाक्य पहिल्यांदा मीच म्हटलं होतं, फोनवर, माझ्या धाकट्या बहिणीला. ते खोटं होतं. खरं काय घडलं ते लिहून ठेवायचं तर घराच्या कर्जापासून सुरुवात करावी लागेल, कारण सगळं त्यातूनच झालं.

मी तळोज्याच्या एका कारखान्यात हिशेब खात्यात होतो. आम्ही तिघं, म्हणजे मी, बायको आणि ही एकुलती एक मुलगी, जुन्या पनवेलात भाड्याच्या दोन खोल्यांत राहायचो. घरमालकाला खोल्या हव्या झाल्या तेव्हा कामोठ्यात इमारती उठत होत्या. फ्लॅट दाखवणारा माणूस तिथल्याच गावचा. त्यांच्या जमिनी सरकारने घेतल्या होत्या आणि बदल्यात मिळालेल्या भूखंडावर ही इमारत उभी राहत होती.

"साहेब, भाडा दिलेला परत येतो का? नाय येत," तो म्हणाला. "हप्ता दिला का घर तुमचा. आमी जमिनी दिल्या, आता तुमी हप्तं द्या!" आणि स्वतःच मोठ्यानं हसला.

बायकोचं म्हणणं होतं, एक खोली कमी असलेलं घेऊ, लवकर फिटेल. मी दोन बेडरूमचं घेतलं. माझं वय एकोणपन्नास. निवृत्तीपर्यंतच्या मुदतीत हप्ता झेपेना. बँकेतल्या माणसानं विचारलं, "मुलगी नोकरीला लागली आहे ना? तिचं नाव कर्जात घाला. मुदत लांब मिळेल, हप्ता हलका होईल."

मुलगी बावीस वर्षांची होती. बँकेत ती खुशीनं आली. दाखवतील तिथे सह्या करताना तिनं हळूच विचारलं, "म्हणजे घरावर पण माझं नाव येणार, बाबा?"

"आधी कर्जावर येऊ दे," मी म्हणालो. "घरावर सावकाश." ती हसली. मीही हसलो.

पुढे व्याजाचे दर वाढत गेले. इमारतीतले लोक खाली बाकावर बसून त्याची चर्चा करायचे, तेव्हा मी सांगायचो, "माझा हप्ता एका रुपयानं वाढलेला नाही." बँकेचं पत्र आलं होतं. त्यात 'हप्त्यात बदल नाही' एवढं वाचून मी ते ठेवून दिलं होतं. मुदत किती लांबली ते त्याच पत्रात खाली होतं. कारखान्याच्या व्याजातली दहा पैशांची चूक मी साहेबांना दाखवायचो. घरचा हप्ता मात्र पगारातून परस्पर जायचा, आणि परस्पर जाणाऱ्या गोष्टीकडे माझं लक्ष जात नसे.

निवृत्त झालो त्या महिन्यात मी बँकेत गेलो. अकरा वर्षं भरले आहेत, आता फार नसेल, असा माझा समज. तिथल्या तरुण बाईंनी संगणकाचा पडदा माझ्याकडे वळवला. घेतलेल्या कर्जाचा पाव हिस्साही फिटला नव्हता.

"काका, सुरुवातीला शंभरातले ऐंशी-पंच्याऐंशी रुपये व्याजातच जातात," त्या म्हणाल्या. "त्यात दर वाढला."

"पण माझा हप्ता वाढला नव्हता."

"म्हणूनच तर."

मी घरी आलो ते चालतच. हे मला कळायला हवं होतं. पण हा माझा मोठा अपराध नव्हे. अडाणीपणा झाला, लाखो लोकांचा होतो. अपराध त्याच्यानंतरचा आहे.

दोन महिन्यांनी माझा फंड आणि ग्रॅच्युइटी हातात आली. राहिलेलं कर्ज त्यात फिटलं असतं आणि वर थोडे उरले असते. बायको म्हणाली, "भरून टाका आणि मोकळे व्हा." मी ते पैसे मुदत ठेवीत टाकले.

ठेव म्हणजे काय हे आमच्या पिढीच्या नोकरदार माणसाला विचारावं. आम्ही बायकोच्या बांगड्या गहाण टाकू पण ठेव मोडणार नाही. ठेव मोडली म्हणजे माणूस मोडला, असं आमच्या डोक्यात बसलेलं. मला पेन्शन नावापुरती होती. मनात यायचं, उद्या मुलगी लग्न होऊन जाईल, आपण दोघं राहू, घर कर्जातून सुटेल पण भिंती काही चावून खाता येत नाहीत. एखादं मोठं दुखणं आलं तर हात कोणापुढे पसरायचा? ठेवीचं व्याज कर्जाच्या व्याजापेक्षा शेकडा दोन-अडीच रुपयांनी कमी होतं. म्हणजे दर वर्षी मी तोट्यात होतो, आणि हे मला पूर्ण ठाऊक होतं. हिशेब मला येत होता. तो तोटा माझ्या खिशातून जात नव्हता, एवढंच.

मुलीला मी सांगितलं, "घर घेताना फंडातून बरेच काढले होते. आता फारसं काही हाती आलं नाही."

"असू दे बाबा. मी भरते," ती म्हणाली. पुढच्या महिन्यापासून हप्ता तिच्या पगारातून जायला लागला.

बायको दर वर्षी ठेवीची मुदत संपली की एकदा विषय काढायची. "ती ठेव म्हणजे काय लोणचं आहे का, मुरत ठेवायला? पोरगी ऊर फुटेस्तोवर राबते आहे." मी म्हणायचो, "तुला व्यवहारातलं कळत नाही." मग ती उठून कामाला लागायची. मुलीला तिनं सांगितलं नाही. मी तशी ताकीद दिली होती.

मुलीच्या ऑफिसात पेणचा एक मुलगा होता. शांत, थोडा बुजरा. आमच्याकडे दोन-तीनदा जेवायला आला. बायकोच्या हातची सुकटीची चटणी त्यानं तीनदा मागून घेतली तेव्हाच तिनं त्याला पसंत करून टाकलं. त्याच्यावर आई आणि बहिणीची जबाबदारी होती, त्यामुळे दोघांच्या पगारावर कर्ज काढून छोटंसं घर घ्यायचं, मग लग्न करायचं असं त्यांचं ठरलं. विचुंब्यात त्यांनी एक फ्लॅट पाहिला. एकच बेडरूम, पण स्वयंपाकघराला खिडकी होती, हे ती दोन दिवस सांगत होती.

बँकेनं दोघांचे पगार पाहिले. हिच्या पगारातून आधीच एक हप्ता जातो म्हटल्यावर मिळणारं कर्ज निम्म्यावर आलं. जुन्या कर्जातून नाव काढता येईल का, असं तिनं विचारलं. ते फेडून टाका, म्हणजे आपोआपच सुटाल, असं उत्तर मिळालं.

त्या संध्याकाळी ती ऑफिसातून आली, पाणीसुद्धा न पिता स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली. बायको मेथी निवडत होती. मी तिथेच खुर्चीवर होतो.

"बाबा, तुमच्याकडे बाजूला काही आहे का? थोडं कमी पडलं तरी चालेल, आम्ही घालू. हे एकदा बंद झालं की आम्हाला मिळेल."

मेथी निवडणारे हात थांबले. बायकोनं माझ्याकडे पाहिलं.

"नाही गं," मी म्हणालो. "असतं तर दिलं नसतं का?"

"बरं," मुलगी म्हणाली, आणि हातपाय धुवायला गेली.

पुढचं सावकाश झालं. ते दोघं वर्षभर थांबले. मग त्या मुलाची बदली बडोद्याला झाली. मुलगी नोकरी सोडून जाऊ शकत नव्हती, कारण हप्ता होता. फोन चालू होते, मग कमी झाले. एक दिवस बायकोनं विचारलं तर ती म्हणाली, "आता ते नाही, आई." भांडण नाही, रडणं नाही. त्याच आठवड्यात बहिणीचा फोन आला, "काय रे दादा, पेणच्या मुलाचं काय झालं?" आणि मी म्हणालो, "अगं, ती फार चोखंदळ आहे."

बायको पाच वर्षांपूर्वी गेली. सकाळी छातीत दुखायला लागलं, दुसऱ्या दिवशी संपलं. ज्या मोठ्या दुखण्यासाठी मी ठेव राखली होती ते आलंच नाही. दवाखान्याचं बिल मुलीनं भरलं. ती आधीच पुण्याला बदलून गेली होती, तिथे भाड्यानं राहते. दर रविवारी तिचा फोन यायचा. जेवलात का, गोळ्या घेतल्या का, लिफ्ट दुरुस्त झाली का. तीन-चार मिनिटं. मग पुढच्या रविवारपर्यंत या दोन बेडरूममध्ये मी. एका खोलीत तर महिनोन्महिने दिवा लागत नाही. खाली सगळीकडे क्लासेस झालेत, संध्याकाळी पोरांचा गलका असतो. मी गॅलरीत उभा राहतो. कुणी वर पाहत नाही.

या वर्षी कर्ज संपलं. बँकेत ठेवलेले घराचे मूळ कागद परत घ्यायला दोघांच्या सह्या लागणार होत्या, म्हणून ती सुट्टी काढून यायची होती. त्याआधी एका दुपारी मी नवीन पनवेलहून रिक्षा करून विचुंब्याला गेलो. ती इमारत मला नक्की ओळखता आली नाही. आता तिथे सारख्याच दिसणाऱ्या कितीतरी आहेत. एका इमारतीत पहिल्या मजल्यावर स्वयंपाकघराच्या खिडकीत कुणीतरी कोथिंबिरीची कुंडी ठेवली होती. मी समोर बराच वेळ उभा राहिलो. शेवटी वॉचमननं विचारलं, "काका, कोणाकडे जायचंय?" कोणाकडेच नाही, म्हणालो आणि परत आलो. मुलीला सांगायचं, हे त्या रिक्षात ठरलं.

ती आली. सह्या झाल्या, कागद घेऊन आम्ही घरी आलो. तिनं चहा टाकला. मी म्हणालो, "हे घर तुझ्या नावावर करू."

"मला नको, बाबा. या घराला जेवढं द्यायचं तेवढं माझं देऊन झालंय." ती रागानं बोलली नाही. थकलेलं माणूस बोलतं तसं बोलली.

मग मी सांगितलं. निवृत्त झालो तेव्हा किती आले होते, कुठे ठेवले, तिनं विचारलं त्या संध्याकाळी ते तसेच होते, आणि अजूनही आहेत. तिच्याकडे न पाहता सगळं एका दमात बोललो. चहा उतू गेला, तिनं गॅस बंद केला. ओटा पुसला. फडकं पिळून वाळत घातलं.

"आईला माहीत होतं?" तिनं विचारलं.

हा प्रश्न येईल असं माझ्या डोक्यातच नव्हतं. तिच्या आईवर तिचा फार जीव. 'नाही' म्हणून टाकावं, निदान आई तरी हिच्यापाशी राहू द्यावी, असं वाटलं. पण याच स्वयंपाकघरात एकदा 'नाही' म्हणून झालं होतं.

"होतं," मी म्हणालो. "ती मोडा म्हणत होती. दर वर्षी म्हणायची. मी तिला बोलू दिलं नाही."

"पण तिला माहीत होतं."

"हो."

तिनं पर्स उचलली. मी म्हणालो, ती ठेव मोडून सगळे पैसे तुला देतो. "नको," ती म्हणाली. "तुम्हालाच लागतील. आता माझ्याकडे काही मागू नका." चपला घालताना ती थांबली. "आत्याला सांगा. खरं काय ते तुम्ही सांगा. मी सगळ्यांना सांगत फिरणार नाही."

मी त्याच दिवशी बहिणीला फोन केला. सगळं सांगितलं.

"दादा, आता या वयात कशाला उकरतोस? लोक विसरले."

"गेल्या महिन्यात बारशाला तूच म्हणालीस, चोखंदळ होती."

"ते असंच बोलतात रे. ऐक, हे माझ्यापाशी राहील. कुणाला कळणार नाही."

"कळू दे. सगळ्यांना सांग."

"मी नाही बाई सांगणार. माझ्या भावाची लाज मी चारचौघांत काढू?"

तिची माया खरी आहे. पण तिच्या मायेनं माझ्या मुलीवरचं ते वाक्य जाणार नाही. म्हणून हे लिहिलं आणि याच्या प्रती काढून नात्यातल्या घरोघरी पाठवतो आहे. पेणच्या मुलात काही खोट नव्हती, आणि माझ्या मुलीनं कुणाला नाकारलं नव्हतं. पैसे माझ्याकडे होते. मी नाही म्हणालो.

मुलगी येऊन गेली त्यानंतरच्या रविवारी तिचा फोन आला नाही. त्याच्या पुढच्याही नाही. जेवण झालं की मी फोन जवळ घेऊन बसतो. दोनदा तिचा नंबर काढला आणि ठेवून दिला. माफ कर म्हणायला फोन केला तर तिला काहीतरी उत्तर द्यावं लागेल, आणि ती नेहमीसारखं "असू दे बाबा" म्हणेल. ते मला आता तिच्याकडून घ्यायचं नाही.