चकव्याला तिसरी हाक येत नाही

माझी माय गेली त्या दुपारी तिने मला दोन हाका मारल्या होत्या. मी दोन्ही ऐकल्या आणि तिसरीची वाट पाहत बसून राहिलो. ही गोष्ट मी आजवर एकदाच बोललो, आणि तेव्हाही धड खरी बोललो नाही. आता लिहून टाकतो. लिहिल्यानं हलकं वाटेल वगैरे अपेक्षा नाही. त्या दुपारपासून मला तसं फारसं काही वाटतच नाही.

तिसरीची वाट का पाहिली, हे शहरातल्या माणसाला समजावून सांगावं लागतं. आमची वस्ती पिशोरच्या वर, डोंगराला टेकलेली. खाली शेती, वर जंगल. आम्ही शेतकरी, पण डोंगरातले भिल्ल आमच्या रोजच्या उठण्याबसण्यातले. सुगीला कामाला यायचे, एरवी डिंक नि मोहाची फुलं घेऊन दारात बसायचे. त्यांचे देव आणि त्यांची भुतं आमच्या घरात केव्हा शिरली, ते कुणालाच ठाऊक नाही. डोंगराच्या वाटेवर शेंदूर फासलेला वाघदेव होता. त्याच्यापुढून जाताना वाघाला वाघ म्हणायचं नाही, मामा म्हणायचं. वरच्या कुंडात सात आसरा, म्हणजे पाण्याच्या देवी, राहायच्या, त्यांना बायका हिरव्या बांगड्या वाहायच्या. यांचं फारसं भय नव्हतं, कारण ही मंडळी आपापली जागा धरून असत. चकवा मात्र फिरता होता.

चकवा म्हणजे वाट चुकवणारा, हे सगळ्यांना माहीत असतं. आमच्याकडचा जरा वेगळा. त्याला तोंड नव्हतं, रूप नव्हतं, आणि मुख्य म्हणजे स्वतःचा आवाज नव्हता. आमच्या गोठ्यापाशी विडी ओढत बसणारा एक म्हातारा भिल्ल सांगायचा, "देवानं आवाज वाटले तवा ह्यो उशिरा पोचला. देव म्हनला, सरले. मग ह्यो लई रडला."

"आवाज नव्हता तर रडला कसा?" मी विचारायचो.

"बिनआवाजाचा रडला. तसंबी रडता येतं," म्हातारा म्हणायचा. "मग देवाला दया आली. म्हनला, मानसाचा आवाज उसना घे. पर दोन हाकांपुरता. तिसरी मारायची नाय."

तेव्हापासून तो डोंगरातून तुमच्या आईच्या नाहीतर भावाच्या आवाजात हाक मारतो. एक, दोन. ओ दिलीत की गेलात त्याच्यामागे दरीत. थांबलात आणि तिसरी हाक आली, तर समजायचं की आपलंच माणूस आहे. म्हणून आमच्याकडे हाक मारायची ती तीनदा, आणि ओ द्यायची ती तिसरीला. वडील म्हणायचे, रझाकारीत वस्ती डोंगरात लपली होती तेव्हा या रिवाजानंच माणसं वाचवली. खालून कुणी नाव घेऊन कितीही आवाज दिला तरी झाडीतून चकार शब्द निघायचा नाही. आपल्या माणसाला तीनदा ओरडायचं ठाऊक असायचं. मग पोलीस ॲक्शन झाली, निजाम गेला, शाळेत उर्दूच्या जागी मराठी आली. मी जन्मलो तो त्यानंतर. हाकेचा रिवाज होता तसाच राहिला.

मी सात-आठ वर्षांचा असताना एकदा सीताफळं काढायला वर गेलो होतो. मायनं हाक मारली. मी पहिल्याच हाकेला ओ देऊन धावत खाली आलो. मला वाटलं, ती खूश होईल. तिनं मुस्काटात दिली. "आज म्या व्हते. उद्या दुसरं कोणी आसंल," ती म्हणाली, आणि मग मलाच पोटाशी धरून बसली. त्यानंतर मी कधी चुकलो नाही.

शिकून मी औरंगाबादला एका सरकारी कचेरीत ट्रेसर म्हणून लागलो. नकाशे गिरवायचं काम. तिथं माझ्या या सवयीनं चांगलीच करमणूक केली. साहेब घंटी वाजवायचे आणि मी ढिम्म. शेजारचा कारकून म्हणायचा, "इसको तीसरी घंटी पे होश आता." बायको शहरातलीच, तिला पहिलं वर्षभर वाटलं की मी एका कानानं बहिरा आहे. नंतर ती मुद्दाम दारात उभी राहून "अहो, अहो, अहो" असं मोजून म्हणायला लागली, आणि मी उठलो की शेजारणीकडे बघून हसायची.

एकदा आमचाच डोंगर माझ्या टेबलावर आला. उंचीच्या रेषा मी काळ्या शाईनं गिरवल्या, कुंड गिरवलं, वाट गिरवली. चकव्याला त्यात कुठं जागा नव्हती. माझा त्याच्यावर विश्वास तेव्हा उडाला असं म्हणणं खोटं ठरेल, तो त्याच्या बराच आधी उडाला होता. सवय मात्र अंगात मुरली होती.

वडील गेल्यावर मायला मी उस्मानपुऱ्यातल्या आमच्या घरी आणलं. तीन खोल्या, मागं सिमेंटचं छोटं अंगण, तिथं पाण्याची टाकी. ती तिथंच बसून असायची. गुडघे धरलेले, त्यामुळे प्रत्येक गोष्टीला हाक. दादा, दादा, दादा रं. चष्मा कुठंय, नळ गेला का, हे विमान कुठं चाललं. मी थोरला, म्हणून घरात सगळे मला दादा म्हणत, तीही म्हणायची. तिथंही ती तीनदाच हाक मारायची. मी एकदा चिडून विचारलं, "माय, शहरात कुठला आलाय चकवा?" ती म्हणाली, "इथंच जास्ती आसतील. इथं कोन कुनाचा आवाज वळखतं?"

त्या रविवारी बायको मुलांना घेऊन माहेरी गेली होती. घरात मी आणि माय. सकाळपासून तिच्या सहा-सात हाका झाल्या असतील. जेवण झाल्यावर ती मागं अंगणात गेली आणि मी पुढच्या खोलीत रेडिओवर क्रिकेटची कॉमेंट्री लावून आडवा झालो. थोड्या वेळानं तिनं हाक मारली, "दादा." मग तांब्या फरशीवर पडल्याचा आवाज आला. मग दुसरी हाक, जरा खालच्या सुरात, "दादा रं."

मी तिसरीची वाट पाहू लागलो.

इथं खरं सांगायला हवं. चकव्याची मला आठवणसुद्धा झाली नव्हती. तांब्या पडला तेव्हाच मला कळलं होतं की काहीतरी झालंय, निदान पाणी सांडलंय. पण षटक संपायचं होतं आणि उठायचं जिवावर आलं होतं. तिसरीला उठू, असं मी मनाशी म्हणालो. रिवाज माझ्या सोयीला धावून आला. तिसरी आली नाही, तेव्हा मला बरंच वाटलं. वाटलं, तिचं तिनं काम उरकलं. मी चहाच्या वेळेला उठून मागं गेलो, तेव्हा ती टाकीला टेकून बसलेली होती आणि तिचं लुगडं सांडलेल्या पाण्यानं भिजून परत वाळायला लागलं होतं.

डॉक्टर म्हणाले, हृदय बंद पडलं. मी विचारलं, लगेच आणलं असतं तर? ते म्हणाले, सांगता येत नाही. मी मान हलवली. मला रडू येईल म्हणून ते जरा थांबले, मग निघून गेले.

तिला वस्तीवर न्यायचं ठरलं. टेम्पोत मागं ती, तिच्याशेजारी मी आणि बायको. वेरूळला लेणी बघायला आलेल्यांच्या गाड्यांनी रस्ता अडला होता. एक माणूस आमच्या टेम्पोला टेकून पेरू खात होता. आत काय आहे ते दिसल्यावर त्यानं पेरू पाठीमागं लपवला. मला त्याचा राग आला नाही की काही नाही. कन्नडला बायकोनं विचारलं, पाणी पिता का? मी म्हणालो, नको. एवढंच बोलणं आठवतं.

अग्नी दिला, राख सावडली, दहावाही झाला. मी सांगतील ते करत होतो. दहाव्याच्या दिवशी विधी उरकून अंगणात बसलो असताना मावशीनं, म्हणजे मायच्या धाकट्या बहिणीनं, विचारलं, "शेवटाला काय म्हनली रं ती?" माझी बहीण शेजारीच होती. ती दहा दिवस धड जेवली नव्हती. माय माझ्याकडं असताना एकटी गेली, हे तिला सहन होत नव्हतं, आणि मला ते दिसत होतं. मी काही ठरवलं नव्हतं, तोंडून निघून गेलं.

"हाक मारली. दोनदा. म्या तिसरीची वाट पायली."

मला वाटलं, आता कुणीतरी मला मारेल. बहिणीनं मारावं असं वाटत होतं. मुस्काटात द्यावी आणि विचारावं, का उठला नाहीस?

"दोनच?" मावशी म्हणाली.

"दोनच."

"मंग ती नव्हती," मावशी म्हणाली. तिनं आजूबाजूच्या बायकांकडं पाहिलं. "ती तर आधीच गेली आसंल. त्यानं तिचा आवाज घेतला. ह्याला न्यायला आलता त्यो."

बायका हळहळल्या, मग एकदम मोकळ्या झाल्या. एकीनं माझ्यावरून मीठमोहऱ्या उतरवल्या. चकवा उतरावा म्हणून चुलत्यांनी मला सदरा काढून उलटा घालायला लावला. म्हातारी माणसं येऊन माझ्या पाठीवरून हात फिरवू लागली, लई शहाणपणा केला म्हणाली, शहरात राहून रिवाज इसरला नाय म्हणाली. मायला एकटीला सोडणारा मी, आणि दहा मिनिटांत वस्तीतला सगळ्यात नशीबवान माणूस होऊन बसलो. माझी बायको लांबून माझ्याकडं बघत होती. तिला माझी दुपारची झोप आणि रेडिओ दोन्ही ठाऊक होते. ती उठून आत गेली.

बहीण तेवढी अजून माझ्याकडं बघत होती. तिनं माझा हात धरला आणि अगदी हळू विचारलं, "आवाज तिचा व्हता का रं, दादा? खरं सांग."

मायचा आवाज मी हजारात ओळखला असता. त्यात दम लागलेला होता, आणि भीती होती, आणि ती मलाच बोलावत होती.

"नाय," मी म्हणालो. "तिचा नव्हता."

बहिणीनं डोळे पुसले आणि दहा दिवसांत पहिल्यांदा भाकरी मागितली. मावशीनं माझ्याही पुढ्यात ताट सरकवलं. मी जेवलो. पोटभर जेवलो.