रुबाबतात्या आत गेले

रूबेन झिराडकर हे नाव शेळगावात कुणाच्या जिभेवर बसलं नाही, म्हणून त्यांचे रुबाबतात्या झाले. रुबाब म्हणाल तर शून्य. दोन सदरे आणि घोषणा द्यायचा एक भोंगा, एवढीच इस्टेट. वडील पाटबंधारे खात्यात नोकरीला आले ते इथेच राहिले. आसपासच्या गावांत ज्यूंचं हे एकच घर. शुक्रवारी दिवस मावळला की तात्यांचं काम बंद, ते शनिवारी चांदण्या दिसेपर्यंत. तोवर ते गाडीवरही बसत नसत.

त्यांची संघटना भाजीच्या पॅकहाउसमधल्या बायकांची. पॅकहाउस गावातल्या मळेवाल्यांच्याच कंपनीचं. बायकांनी ढोबळी मिरची निवडायची, पुसायची, खोक्यात भरायची आणि हंगामात सुट्टीचं नाव काढायचं नाही. मॅनेजरने विचारलं, सुट्टी हवीय कशाला? गोजरबाई फाडकन म्हणाली, "डोक्यावरनं न्हायाला!" तात्यांनी भोंगा उचलला. "आमच्या धर्मात बैलाला बी आठवड्याला एक दिस सुट्टी हाय. ह्या बाया काय बैलापरीस खाली हायत व्हय?" बायकांबरोबर ते फाटकापुढे ठाण मांडून बसले, तेव्हा कुठे गुरुवार मिळाला.

मग बायका हट्टालाच पेटल्या, तात्यांनी सरपंच व्हायचं. गंमत म्हणजे मळेवाल्यांनीही त्यांनाच मतं दिली. तात्या ज्यू, म्हणजे ठिबकची आणि शेडनेटची इस्राएली विद्या यांच्या घरचीच, असा त्या शहाण्यांचा हिशेब! तात्यांनी इस्राएल फक्त नकाशात पाहिलेला. "मला शेतीतलं काय बी कळत न्हाय," असं ते प्रत्येक सभेत सांगत राहिले. लोकांना तो विनय वाटला.

यंदा परदेशातून मोठी ऑर्डर आली आणि कंपनीने गुरुवारची सुट्टी बंद करायचं काढलं. बायका निर्धास्त होत्या. सरपंच आपलाच होता ना! कंपनीने बैठक मात्र मुद्दाम शनिवारी ठेवली. कंपनीचे चेअरमन दादासो तात्यांना म्हणाले, "यायचं तर या, न्हायतर ठराव हुईलच." मला त्या माणसाचा अजून संताप येतो. मी तात्यांचा शेजारी. शनिवारी सकाळी ते माझ्या दारात आले आणि "गाडी काढ," एवढंच म्हणाले.

आत सगळे मळेवाले, म्हणजे त्यांचे मतदारच बसलेले. "तात्या, माल एक दिस पडून ऱ्हायला तर सडल. आमी तुमाला निवडून दिलं ते ह्याच्यासाठी व्हय?" त्यांचंही खोटं नव्हतं. कंपनीच्या कारभारात सरपंचाच्या शिक्क्याला किंमत नाही. फाटकापुढे बसावं, तर गावचा सरपंच गावाच्याच विरोधात बसणार. तात्या बोलायला उठले. "बायकांना..." म्हणाले आणि परत खाली बसले. मी दारात उभा होतो, माझ्याच्याने ते बघवेना. ठराव झाला.

बाहेर बायका वाट बघत होत्या. तात्या कसेबसे म्हणाले, "गोजरबाई, माझं काय बी चाललं न्हाय."

ती चिडली असती तर बरं झालं असतं. तिने पदराने तोंड पुसलं.

"तुमचं काय चुकलं, तात्या? आमीच येड्या. चांगला आमच्या शेजारी भाईर बसणारा मानूस, मतं देऊन आत धाडला. आता भाईर आमचं कोन हाय?"