चार मिनिटांचं बोलणं

एकोणीस वर्षांत सव्वीस सिनेमे केले, पण पडद्यावर तिच्या तोंडी आलेली वाक्यं बोटांवर मोजण्याइतकी. मोठ्या सिनेमांच्या वाटेला ती कधी गेलीच नाही. चार मित्र मिळून काढतात त्या छोट्या सिनेमांतली ही नटी. कधी शेजारीण, कधी नर्स, दोनदा तर नुसतं प्रेत. प्रत्येक सिनेमाला थोरली बहीण हौसेने यायची आणि तिचा चष्मा सापडेपर्यंत हिचा सीन संपलेला असायचा. "आलीस कधी, गेलीस कधी? तुला बोलायला देतच नाहीत का गं?" हे ऐकून ऐकून हिचे कान किटले होते.

म्हणून सत्ताविसाव्या सिनेमात चार मिनिटांचं सलग बोलणं वाट्याला आलं, तेव्हा तिने ठरवलं, आता ताईचं तोंड बंद करायचं. मुलाला घराबाहेर काढणाऱ्या आईचं बोलणं होतं ते. तीन आठवडे भांडी घासताना, बसची वाट बघताना ती ते घोकत होती. शूटिंग तिच्याच स्वयंपाकघरात. ओटा तिचा, कपडे तिचे, आणि घरघर नको म्हणून साउंडवाल्याने सकाळीच प्लग काढून ठेवलेला फ्रिजही तिचाच. अकरा टेक झाले. अकरावा असा उतरला की लाइटवाल्यानेही डोळे पुसले.

मग साउंडवाला म्हणाला, "कोणी हलू नका. खोलीची शांतता घेतो." नंतर तुकडे जोडायला लागतो म्हणून रिकाम्या खोलीचा आवाज मिनिटभर रेकॉर्ड करतात. सगळे जागच्या जागी थिजले. ती ओट्याला टेकून बंद फ्रिजकडे बघत राहिली. 'दोन लिटर दूध नासवलंत की रे मेल्यांनो!' कॅमेरा बंद करायला कॅमेरावाला विसरलाय, हे कुणाच्याच ध्यानात आलं नाही.

सहा महिन्यांनी सिनेमा दाखवला. ताई चष्मा आधीच चढवून बसली होती. पडद्यावर मुलगा दाराबाहेर गेला, आणि ही ओट्याला टेकून उभी. गप्प. पूर्ण मिनिटभर. मग पुढचा सीन. चार मिनिटांतला एक शब्दही ठेवला नव्हता.

दिवे लागल्यावर दिग्दर्शक धावत आला. "काकू, काय दिलंत! शब्दांची गरजच उरली नाही."

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "अरे, मी दुधाचा विचार करत होते!"

"तेच तर!" तो म्हणाला आणि टाळ्या घ्यायला पळाला.

घरी जाताना ताई काही बोलेना. एरवी तिच्या तोंडाला क्षणाची उसंत नसते. कोपऱ्यावर तिने हिचा हात धरला. "आईला नेलं ना, त्या दिवशी तू अशीच उभी होतीस. रडत नाहीस म्हणून मी वर्षभर बोलले नव्हते तुझ्याशी. मला कळलंच नव्हतं गं."

हिला ओरडून सांगायचं होतं, ताई, ते दूध होतं, नुसतं दूध! आणि बोलणं अजून तोंडपाठ आहे, थांब, इथेच म्हणून दाखवते. पण ताईने हात सोडला नव्हता. मनातल्या मनात चडफडत ती गप्प राहिली.