थर्मामीटरची पाच मिनिटं

आमच्या डॉक्टरीणबाई प्रत्येक पेशंटमागे दोनदा हात धुवायच्या. बाईला तपासून झालं की एकदा, आणि तिच्या सासरच्यांशी बोलून झालं की पुन्हा एकदा. पहिलं धुणं साधं, कुठल्याही डॉक्टरचं असतं तसं. दुसऱ्या वेळी मात्र कार्बोलिक साबणाची लाल वडी निघायची, कोपरापर्यंत फेस व्हायचा आणि नखं घासताना तोंडातल्या तोंडात एक शब्द यायचा, "शी." बाकावर बसलेल्या सासवांना वाटायचं, असेल डॉक्टरांची रीत. अमरावतीत अंबागेटच्या आत त्यांचा दवाखाना होता. रक्त, पू, बाळंतपणातली घाण यांनी त्यांच्या कपाळावर कधी आठी आली नाही. सुनेला पुढे ढकलून "हिच्यात काय खराबी हाय ते पाहा" म्हणणारा माणूस दिसला की मात्र त्यांना मळमळायचं. ते त्या लपवतही नसत.

मलाही असंच पुढे ढकललेलं होतं. अकोल्याला आमचा भाजीचा आणि फुलांचा मळा होता. लग्नाला नऊ वर्षं झाली होती आणि मूल नव्हतं. माझी पाळी तीन-तीन, चार-चार महिने यायची नाही. दर वेळी घर आशेला लागायचं आणि मग मी बाहेर बसले की दोन दिवस माझ्याशी कोणी बोलायचं नाही. सासूबाईंनी नाना उपाय केले. त्यातला एक सांगते. धाकट्या जावेच्या मुलाची नाळ वाळून पडली, तिचा तुकडा पिकल्या केळ्यात घालून मला गिळायला लावला. घरातल्या सगळ्या बायका भोवती उभ्या होत्या, मी थुंकते की काय ते पाहायला. आज इतक्या वर्षांनीही केळ्याचा वास आला की मी खोलीतून उठून जाते.

हे मी डॉक्टरीणबाईंना पहिल्याच दिवशी सांगितलं तेव्हा त्यांनी पेन खाली ठेवलं.

"तू गिळली?"

"गिळली."

"मंग उलटी झाली?"

"झाली."

"चांगली गोष्ट हाय," त्या म्हणाल्या. "तुह्या अंगाले तरी अक्कल हाय." आणि त्यांनी सासूबाईंकडे असं पाहिलं की सासूबाईंनी पदर पुढे ओढला.

नागपूरला शिकलेली बाई, पण दवाखान्यात शुद्ध बोलणं त्यांना जमायचं नाही, किंवा जमवायचं नव्हतं. चंद्रावर माणूस उतरला त्याच्या आदल्या वर्षाची ही गोष्ट. अंडाशयातून बीज बाहेर पडायला लावणारी एक नवी गोळी तेव्हा निघाली होती. मुंबईच्या एका मैत्रिणीने त्यांना त्या गोळ्यांच्या मोजक्या बाटल्या पाठवल्या होत्या. त्यांनी मला समजावलं, "तुह्या पोटातलं बीज वेळेवर सुटत नाई. झोपून राहिलं हाय. ही गोळी त्याले हाक मारते. पण आधी नवऱ्याची तपासणी. ती चांगली आली तरच गोळी. मी उगाच कोणाले औषध चारत नाई."

सासूबाई चवताळल्या. "मूल बाईले होत नाई तं बाईले तपासा. माह्या पोराले काय झालं?"

"मले का मालूम? म्हणून तं पाहा म्हणते."

सासूबाई बाहेर गेल्या आणि लाल वडी निघाली.

बडनेरा हे अमरावतीजवळचं जंक्शन; तिथून गाडी धरून आम्ही अकोल्याला परतलो. नवऱ्याने ऐकलं आणि तो ताट सरकवून उठला. त्याच्या बापजन्मात असं कोणी विचारलं नव्हतं म्हणाला. तीन आठवड्यांनी मात्र सासूबाईंनी एक चिकटवलेला लिफाफा माझ्या हातात ठेवला. "झाली तपासणी. दे तुह्या डाक्टरीनले." मला इतका आनंद झाला की त्या रात्री मी नवऱ्याचे पाय चेपले. आता आठवलं की हात पुसावेसे वाटतात.

लिफाफ्यातला कागद पाहून डॉक्टरीणबाई हसल्या. सगळं उत्तम होतं. त्यांनी मला गोळ्या दिल्या आणि सोबत एक थर्मामीटर. पाळीच्या पाचव्या दिवसापासून रोज एक, अशा पाच गोळ्या. आणि रोज सकाळी डोळा उघडल्याबरोबर, अंथरुणातून न उठता, पाणी न पिता, एक अक्षर न बोलता थर्मामीटर तोंडात धरायचं. पाच मिनिटं. आकडा चौकटीच्या कागदावर मांडायचा. बीज सुटलं की अंगाची ऊब अर्ध्या डिग्रीने चढते आणि चढलेलीच राहते, हे त्यांनी पेन्सिलने काढून दाखवलं.

"सासू हाक मारन," मी म्हटलं. "मले ओ द्या लागते."

"तोंडात काच हाय. कशी ओ देशीन? तेवढे पाच मिनिटं तू कोणाची सून नाई, समजली?"

घरात सगळ्यात आधी उठणारी मी. पहिल्या दिवशी सासूबाईंनी चार हाका मारल्या आणि मी ओठ मिटून छताकडे पाहत पडून राहिले. लग्न झाल्यापासून हाकेला उत्तर न देण्याची ती पहिलीच वेळ होती. सासूबाई दारात येऊन उभ्या राहिल्या. मी बोट दाखवलं. अजून तीन मिनिटं.

त्या गोळ्यांनी माझे हाल केले. भर थंडीत अंगातून वाफा निघायच्या, पोट तटतटायचं, डोळ्यांपुढे चमचम व्हायची आणि मेथीच्या जुड्या बांधताना हात थांबायचा. पण दुसऱ्या महिन्यात कागदावरची रेघ चढली. डॉक्टरीणबाईंनी तो कागद उजेडाला धरला, जणू नातवाचा फोटोच आला होता. "पाह्य, सुटलं बीज. तुह्यं अंग कामाले लागलं वं." तिसऱ्या महिन्यात चढली, चौथ्यात चढली, पाचव्यात चढली. दर महिन्याला पाळी मात्र आली, आणि तीही आता अगदी वेळेवर. घरात बाळापूरच्या एका मुलीचं नाव निघू लागलं होतं. आखाजीपर्यंत, म्हणजे अक्षय्य तृतीयेपर्यंत, दिवस राहिले नाहीत तर दुसरी आणायची. कायद्याने बंदी होती. कायदा विचारतो कोण? सासूबाई मला ऐकू जाईल अशाच आवाजात बोलायच्या.

सहाव्या महिन्यात डॉक्टरीणबाईंनी माझे सगळे कागद टेबलावर पसरले. एकेक वाचत गेल्या. मग विचारलं, "तुहा नवरा किती वर्सांचा हाय?"

"सदतीस."

"कागदावर अठ्ठावीस हाय."

मी सहज म्हणून गेले, "अठ्ठावीसचे तं आमचे बबन भावजी हायेत." आणि तोंडातून शब्द बाहेर पडताच मला कळलं.

बबन म्हणजे माझा धाकटा दीर, तीन मुलांचा बाप. नवऱ्याच्या नावाने तपासणीला तो गेला होता. लबाडी करायला निघालेला माणूस, पण बिचारा स्वभावाने सरळ. नाव भावाचं सांगितलं आणि वय विचारल्यावर स्वतःचं खरंखरं सांगून आला.

डॉक्टरीणबाई उठल्या आणि हात धुऊ लागल्या. खोलीत मी एकटीच होते, सासरचं कोणी नव्हतं. तरी लाल वडी निघाली होती. किती वेळ धुवत होत्या कोण जाणे. "मी नाव वाचलं," त्या पाठमोऱ्याच म्हणाल्या, "वय नाई वाचलं. आणि पाच महिने तुले औषध चारलं. शी. माही मलेच किळस येऊन राहिली."

मग टॉवेलला हात पुसत खुर्चीत बसल्या. "तुह्या नवऱ्यात दोष हाय असं मी म्हणत नाई. कोणी पाह्यलंच नाई. आजपासून गोळ्या बंद. बाकी काय करायचं ते तू ठरव." दोन्ही कागद, माझा रेघांचा आणि तो अठ्ठाविशीचा, त्यांनी माझ्या पिशवीत घातले.

अकोल्याला परतताना मला रडू आलं नाही. घरात सगळ्यांना ठाऊक होतं. ज्या जावेच्या मुलाची नाळ मी गिळली, त्या जावेलाही ठाऊक होतं. तपासणीला धाकट्याला पाठवलं, म्हणजे थोरल्याबद्दल शंका सासूबाईंच्याही मनात होती. तरी त्या रोज माझ्या गोळ्या मोजून द्यायच्या आणि मी घामाने निथळत असले की पंखा घालायच्या. तो पंखा मला केळ्यापेक्षा जास्त ओकारी आणतो.

आखाजीच्या आधी बाळापूरची माणसं आली. मुलीचा बाप मळेवाला, आमच्यासारखाच. मी चहा नेला आणि बशीशेजारी तो तपासणीचा कागद ठेवला.

"दादा, एवढं वाचून घ्या. नाव ह्या माह्या नवऱ्याचं हाय. वय पाहा."

त्याने बोट ठेवून सावकाश वाचलं. एकदा माझ्या नवऱ्याकडे पाहिलं, मग बबनकडे. "तुमचं वय काय हो?" त्याने विचारलं.

"अठ्ठावीस," बबन म्हणाला.

सासूबाईंनी डोळे मिटून घेतले. बाळापूरच्या माणसाने चहाला हात लावला नाही. "माही पोरगी सोळाची हाय," एवढं म्हणाला आणि चपला घालून चालू लागला. नवऱ्याने मला काय काय म्हटलं ते इथे लिहायची माझी इच्छा नाही.

दुसऱ्या दिवशी मी पेटी घेऊन निघाले. माहेर चांदूर रेल्वेला, पण तिथे उतरले नाही, त्याआधीच बडनेऱ्याला उतरले. डॉक्टरीणबाईंनी दारातच पेटीकडे पाहिलं.

"थर्मामीटर आणलं?"

"हो."

"मंग आत ये."

पुढे मी त्यांच्याकडेच राहिले. पट्ट्या बांधायला शिकले, आणि नव्या बायकांना थर्मामीटर धरायला मीच शिकवू लागले. बाईंनी पुन्हा कधी बाहेरचा कागद घेतला नाही. नवऱ्याने स्वतः यायचं, समोर उभं राहायचं आणि नाव-वय मोठ्याने सांगायचं. आधी वय, मग नाव. काहीजण वयावर अडखळले की बाई माझ्याकडे पाहायच्या. गोळीने कित्येकींना मुलं झाली. पेढे यायचे. सासूने पुढे केलेला पेढा बाई घ्यायच्या नाहीत. "जिनं वाफा सोसल्या तिच्या हातानं दे," म्हणायच्या. मला मूल झालं नाही. त्याचं वाईट वाटत नाही असं म्हटलं तर तेही त्या लिफाफ्यासारखंच होईल.

एक गोष्ट मात्र बाई कधी विसरल्या नाहीत. कोणाचाही कागद हातात घेतला की वयावर बोट ठेवून माझ्याकडे न पाहता म्हणायच्या, "वाचलं बरं." मी काही म्हणायला गेले की उठून नळाकडे जायच्या. मला बोलूच द्यायच्या नाहीत.

शेवटच्या आजारात त्यांचा ताप उतरेना. एका सकाळी मी माझंच जुनं थर्मामीटर त्यांच्या तोंडात ठेवलं आणि खुर्ची ओढून बसले. ओठ मिटलेले, आणि नियम त्यांचाच.

"बाई," मी म्हटलं, "त्या कागदाचा राग मले तुमचा एक दिवसही आला नाई. वय मीही पाह्यलं नसतं. तुमी मले पाच मिनिटं देल्ले, त्याच्यावरच मी जगली."

त्यांनी हात हलवून मला थांबवायला पाहिलं. मी थांबले नाही. जे सांगायचं होतं ते सगळं सांगितलं, आणि मधेच नाकडोळे हातानेच पुसले. पाच मिनिटं झाल्यावर थर्मामीटर काढलं.

"शी," त्या म्हणाल्या. "तोंड बंद असताना माणसाले असं बोलतेत काय?"

आणि माझा तो शेंबडाने ओला झालेला हात त्यांनी आपल्या हातात घेतला. दुपारपर्यंत सोडला नाही, आणि नंतर धुवायला पाणीही मागितलं नाही.