दामले सरांचा मिट

डॉ. अविनाश दामले यांचं एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात योकोहामातल्या एका रुग्णालयात निधन झालं. ते बासष्ट वर्षांचे होते. स्वादुपिंडाचा कर्करोग जानेवारीत लक्षात आला होता. टोकियोच्या कोतो भागातल्या आमच्या घरी बातमी आली ती त्यांच्या पत्नी उषावहिनींच्या फोनने. फोन माझ्या बायकोने, मेघनाने घेतला. वहिनींनी बातमी सांगितली आणि त्याच दमात विचारलं, "त्यांचा मिट तुझ्याकडेच आहे ना गं? इथे शवपेटीत माणसाची आवडती वस्तू ठेवतात..." मेघना म्हणाली, "आहे. घेऊन येते." दामले सरांनी सेंदाई सोडल्यापासून ती त्यांच्याशी एक शब्दही बोलली नव्हती.

मिट म्हणजे बेसबॉलमध्ये फलंदाजाच्या मागे बसणारा खेळाडू डाव्या हातात घालतो तो जाड चामडी पंजा. सेंदाईच्या विद्यापीठात दामले सरांचा पदार्थविज्ञानाचा गट होता आणि त्या गटाचा एक हौशी संघही होता. मेघना सरांकडे संशोधन करत होती. मी पुण्यातल्या दैनिकातली उपसंपादकाची नोकरी सोडून तिच्याबरोबर आलो होतो आणि घरी बसून भाषांतरं करत होतो. मला बॅट धरता येत नव्हती, म्हणून सरांनी मला पंच केलं. "पत्रकार, तुम्ही मागे उभे राहा आणि जे दिसेल तेवढंच सांगा," एवढीच सूचना होती. हिरोसे नदीकाठच्या मैदानावर आम्ही रविवारी खेळायचो आणि बहुतेक हरायचो. मिटला सर खोबरेल लावायचे. गटातले जपानी तंत्रज्ञ साकुराई-सान यांना ते मुळीच पटत नसे. चामड्याचं खास तेल दुकानात मिळतं, असं ते दर वर्षी नम्रपणे सांगायचे आणि सर दर वर्षी तितक्याच नम्रपणे मान डोलवून पुण्याहून आलेली बाटली काढायचे. सेंदाईत खोबरेल वर्षातला बराच काळ गोठलेलं असतं. बाटली तापवायची नाही, तेल आपणहून वितळलं की मिटला लावायचं आणि मग आपला हंगाम सुरू, हा त्यांचा नियम होता.

सरांनी डॉक्टरेट अमेरिकेत केली होती. तिथल्या ग्रंथालयात जुनी वर्तमानपत्रं चाळताना त्यांना एकोणिसाव्या शतकातल्या व्यावसायिक बेसबॉलचा नाद लागला. मैदानात तेव्हा एकच पंच असे आणि त्याची पाठ वळली की धावणारा खेळाडू एखादा टप्पा गाळून सरळ मधून पळे. हे सांगताना सर माझ्याकडे बघून हसायचे. "तुमच्या पाठीमागे काय चाललंय ते तुम्हाला कधी कळणार नाही, पत्रकार."

मार्च २०११ मध्ये भूकंप झाला. आमची राहती इमारत टिकली. प्रयोगशाळेतली उपकरणं मात्र पडली आणि भिंतींना तडे गेले. गॅस नव्हता, रेल्वे बंद होती. ओळखीची मराठी कुटुंबं मिळेल त्या बसने बाहेर पडत होती. मेघनाच्या वडिलांनी पुण्यातून आमची तिकिटं काढली होती. त्या आठवड्यात सर सायकलवरून आमच्या घरी आले. अंगातलं जाकीट न काढताच बसले आणि मेघनाला म्हणाले, "तू थांबलीस तर बाकीचे थांबतील. मी कुठेही जात नाहीये. आपण ही लॅब परत उभी करू." ते खाली उतरून सायकलचं कुलूप काढेपर्यंत मेघनाने पुण्याला फोन लावला होता. "बाबा, रागवू नका. सर थांबतायत," ती म्हणाली. तिकिटं रद्द झाली.

जूनमध्ये तेल वितळलं. नदीकाठच्या मैदानाला एक लांब भेग गेली होती. ती टाळून आम्ही खेळलो आणि हरलो. खेळ संपल्यावर गवतावर डबे उघडून बसलो तेव्हा सरांनी एका हंगामाची गोष्ट सांगितली. एका संघाच्या मालकाने दुसऱ्या शहरातला आणखी एक संघ विकत घेतला आणि हंगाम सुरू व्हायच्या आधी पहिल्या संघातले सगळे चांगले खेळाडू तिकडे हलवले. मागे उरलेल्यांनी तो हंगाम खेळून काढला. जेमतेम वीस सामने जिंकले, शंभराहून कितीतरी जास्त हरले. घरच्या मैदानावर लोक येईनात, म्हणून पुढेपुढे बहुतेक सामने परगावीच झाले. शेवटच्या सामन्यात तर चेंडू टाकायला हॉटेलातला सिगार विकणारा कारकून उभा केला. हंगामाच्या अखेरीला खेळाडूंनी संघाच्या प्रवासाची व्यवस्था बघणाऱ्या माणसाला एक हिऱ्याचं लॉकेट भेट दिलं म्हणतात... का, तर त्या बिचाऱ्याला सगळे सामने बघावे लागले होते.

"सर, हा तर आपलाच संघ!" गटातला कुलकर्णी म्हणाला.

"वीस जिंकलेत ते, कुलकर्णी. उगाच बरोबरी करू नकोस."

"मग लॉकेट पंचांना द्यायला हवं!"

सगळे हसले. मेघनाने विचारलं, "आणि त्या मालकाला कुणी काहीच म्हटलं नाही?"

"कोण म्हणणार? दोन्ही संघ त्याचेच," सर म्हणाले. मग मिटमध्ये चेंडू दाबून बसवत म्हणाले, "चोर होता लेकाचा."

सप्टेंबरमध्ये दामले सर योकोहामातल्या एका संशोधन संस्थेत रुजू झाले. गटातल्या पाच जणांना त्यांनी बरोबर नेलं. चालू स्थितीतली उपकरणंही गेली. सेंदाईत मेघना, साकुराई-सान आणि प्रबंध अर्धवट असलेली एक विद्यार्थिनी राहिली. निघताना सर आमच्या दारात आले. "ऑक्टोबरमध्ये येतोच. तोवर हा तुझ्याकडे असू दे. वर्षातून एकदा तेल लाव, नाहीतर चिरेल." त्यांनी मिट मेघनाच्या हातात दिला. ऑक्टोबरमध्ये ते आले नाहीत, नंतरही आले नाहीत. योकोहामाचं पद त्यांनी एप्रिलअखेरीसच स्वीकारलं होतं, हे मला कुलकर्णीकडून कळलं. मी ते दुसऱ्या एका सहकाऱ्याकडून वेगळं पडताळून घेतलं. नदीकाठी ती गोष्ट सांगितली तेव्हा त्यांचं जाणं पक्कं होतं आणि कुणाकुणाला न्यायचं हेही ठरलेलं होतं. आमच्याबरोबर हसणाऱ्या कुलकर्णीलाही ते माहीत होतं.

मेघनाने तडे गेलेल्या इमारतीत दोन वर्षं काढली. विद्यार्थिनीचा प्रबंध पूर्ण करून घेतला. त्यानंतर तिच्या पदाला मुदतवाढ मिळाली नाही. आम्ही कोतोला आलो. ती इथल्या एका शाळेत विज्ञान शिकवते. संशोधन तिने पुन्हा केलं नाही. मिट मात्र आमच्या बुटांच्या कपाटात, कापडी पिशवीत, चेंडू आत ठेवून रबराने बांधलेला असायचा. दर वर्षी मे महिन्यात बाटलीतलं तेल वितळलं की ती वर्तमानपत्र पसरून बसायची आणि त्याला तेल लावायची. एकदा मी विचारलं, कशासाठी? ती म्हणाली, "शब्द त्यांनी मोडला. मी कशाला मोडू?"

अंत्यविधीला आम्ही दोघं योकोहामाला गेलो. कुलकर्णी आला होता. साकुराई-सान सेंदाईहून आले होते. मेघनाने पिशवीतून मिट काढला तेव्हा त्यांनी तो हातात घेतला, वास घेतला आणि म्हणाले, "अजून खोबरेलच?" मेघना म्हणाली, "हो." पेटी बंद करून दहनाला नेण्याआधी सभागृहातला कर्मचारी पुढे आला. पांढऱ्या हातमोज्यांतले दोन्ही हात मांड्यांवर ठेवून तो खूप खाली वाकला. इतकं जाड चामडं पूर्ण जळत नाही, रबरी चेंडूही आत ठेवता येत नाही, क्षमा असावी, असं म्हणाला. वहिनींनी पेटीत फुलं आणि सरांचा चष्म्याचा कापडी बटवा ठेवला. चष्माही ठेवता आला नाही.

बाहेर पडताना मेघनाने मिट वहिनींपुढे धरला. वहिनींनी तो घेतला नाही. "राहू दे तुझ्याकडे. मेघनाला आणलं असतं तर तिकडे काहीच उरलं नसतं, असं म्हणायचे ते... तुझ्यावर विश्वास होता त्यांचा. तुला दिला होता ना त्यांनी?"

"दिला नव्हता, वहिनी," मेघना म्हणाली. "सांभाळायला ठेवला होता."

परतीच्या गाडीत पिशवी तिच्या मांडीवर होती. कोतोला पोचल्यावर तिने ती कपाटात जागेवर ठेवली. खोबरेलाची बाटली स्वयंपाकघरात वरच्या फळीवर आहे. तेल गेल्या आठवड्यात वितळलं. मिट अजून पिशवीतच आहे.